ओयोनातली मोल्ड ट्रायल

शाम्पूच्या बाटलीचं टोपण अंगठ्याने उघडतो, दाबलं की टक् आवाज करून मिटतं. त्यात बिजागरी म्हणून वेगळा भाग नसतो. बूड आणि झाकण एकाच प्लास्टिकचं, आणि दोघांना जोडणारी जेमतेम ०.३ मिलिमीटर जाडीची पट्टी. ती हजारो वेळा दुमडली तरी तुटता कामा नये. पॉलिप्रॉपिलीनला हे जमतं, पण आपोआप नाही. वितळलेला माल त्या चिंचोळ्या फटीतून जाताना त्यातल्या रेणूंच्या लांब साखळ्या वाहत्या दिशेला ओळीने लागायला हव्यात, आणि भाग मोल्डमधून, म्हणजे साच्यातून, निघण्याआधी किंवा निघाल्या निघाल्या, अंगात ऊब असतानाच, एकदा दुमडायला हवा. हे सगळं मोल्डने करायचं आणि दर पंधरा सेकंदांच्या आत करायचं. मोल्ड चुकला तर मशिनवाला कितीही हुशार असो, टोपण महिन्याभरात गिऱ्हाइकाच्या हातात तुटणार.

आमच्या चाकणच्या कारखान्याला अशा टोपणाचा सोळा कॅव्हिटींचा, म्हणजे एका वेळी सोळा टोपणं काढणारा, मोल्ड हवा होता. ज्यांच्यासाठी टोपणं करायची त्या सौंदर्यप्रसाधनवाल्यांची अट होती, की मोल्ड फ्रान्समधल्या त्यांच्या माहितीतल्या टूलमेकरकडूनच, म्हणजे मोल्ड बनवणाऱ्याकडूनच, घ्यायचा. मी औरंगाबादच्या इंडो-जर्मन टूलरूममध्ये शिकलेला, पुढे भोसरीत आणि चाकणला टूलरूममध्येच वाढलेला. त्यामुळे ट्रायल पाहून मोल्ड पास करायचं काम माझ्याकडे आलं. गावाचं नाव ओयोना. माझ्या कल्पनेतल्या फ्रान्समध्ये असं गाव नव्हतं.

जिनिव्हा विमानतळावरून गाडीने निघालं की तासाभराचा रस्ता. हद्द ओलांडली की महामार्ग ज्युरा पर्वतात शिरतो. बोगदा, उंच पूल, परत बोगदा. नांतुआच्या तळ्यावर तर रस्ता डोंगराच्या कुशीला चिकटवल्यासारखा वरून जातो आणि खाली काळंभोर पाणी दिसतं. त्यानंतर उत्तरेला वळायचं. दोन्ही बाजूंना फर आणि स्प्रूसची दाट झाडी, मधे अरुंद दरी, आणि त्या दरीत घरांच्या रांगेपेक्षा कारखान्यांची रांग लांब. लोकसंख्या साधारण बावीस-तेवीस हजार, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढी. पण मोल्ड बनवणारे, प्लास्टिक ओतणारे, पॉलिश करणारे, इंजेक्शन मशिन विकणारे आणि दुरुस्त करणारे सगळे याच दरीत. या पट्ट्याला फ्रेंच लोक ‘प्लास्टिक्स व्हॅली’ म्हणतात. शेजारच्या बेलिन्याला प्लास्टिकचं शिक्षण देणारी शाळा आहे, तांत्रिक संशोधन केंद्र आहे. लिऑंच्या इन्सा या इंजिनिअरिंग कॉलेजची शाखाही ओयोनात आहे.

मोल्ड ट्रायलला जाणाऱ्याने एक गोष्ट आधी करावी: आपला माल आपण पाठवावा. आम्ही चाकणला जे पॉलिप्रॉपिलीन वापरणार होतो त्याच ग्रेडच्या २५ किलोच्या गोण्या महिनाभर आधी समुद्रमार्गे रवाना केल्या होत्या. टूलमेकरकडे त्याच्या सवयीचा युरोपियन माल असतो, त्यावर मोल्ड लोण्यासारखा चालतो, सगळे खूश होतात. आपल्याकडे आला की आपल्या मालाचा वितळल्यावरचा पातळपणा वेगळा, आकसणं वेगळं. मग टोपण बाटलीवर बसत नाही आणि ईमेलांची लढाई सुरू होते. आमच्या टूलरूमच्या काकांनी निघताना बजावलं होतं, “गोण्या फोडताना तू समोर उभा राहा. आणि तिथल्या पाण्यावर भाळू नकोस.” पाण्याचं म्हणणं मला तेव्हा अर्धंच कळलं होतं.

सकाळी कारखान्यात शिरलेला प्रत्येक माणूस आधी सगळ्यांशी हात मिळवतो. मशिनवाला, पॉलिशवाला, फोर्कलिफ्टवाला, मालक, सगळ्यांशी. हाताला ग्रीस असेल तर मनगट पुढे करतात. मी पहिल्या सकाळी सरळ मोल्डकडे गेलो तर एका पोराने मला अडवून, हसत हसत, माझा हात हातात घेतला. त्यानंतर मी रीतसर फेरी मारू लागलो. प्रोजेक्ट सांभाळणारी इंजिनिअर बाई तिशीची, तिचे आजोबा तुर्कस्तानातून इथे मशिनवर कामाला आलेले. गावात तुर्की कुटुंबं बरीच आहेत. कारखान्यांना माणसं लागत होती, ती आली आणि राहिली. तिच्यामुळे माझं बोलणं सोपं झालं, कारण तिचं इंग्रजी स्वच्छ होतं. पण निर्णय घेणारे होते एक वयस्क गृहस्थ, कारखाना मुलाच्या हाती देऊनही रोज निळा कोट घालून येणारे. सगळे त्यांना नुसतं ‘मस्यू’ म्हणत. मीही तेच म्हणू लागलो.

ट्रायलची सुरुवात मशिनवर होत नाही. मोल्ड टेबलावर उघडून ठेवतात आणि ड्रॉइंग हातात घेऊन एकेक गोष्ट पाहायची असते: पोलादाचं सर्टिफिकेट, कडकपणा, पाण्याच्या वाटा कुठून कुठे जातात, सोळाही कोअर, म्हणजे टोपणाची आतली बाजू घडवणारे पोलादी गाभे, एकमेकांच्या बदली बसतात का, सुटे भाग दिलेत का. झाकण मोल्डमध्येच मिटवणारा जो हात होता तो मी हाताने पुढेमागे ढकलून पाहिला. त्यानंतर मोल्ड मशिनवर चढवून प्लास्टिकशिवाय नुसता उघडमीट करून ऐकायचा. कुठे खरखर, कुठे ठोका? काही नाही. मस्यू शेजारी उभे होते, त्यांचे डोळे मिटलेले होते.

मग अर्धवट शॉट. हे मला सगळ्यात आवडतं. माल मुद्दाम कमी सोडायचा: आधी पाचव्या हिश्श्याएवढा, मग निम्मा, मग जवळजवळ भरेल इतका. सोळा कॅव्हिटींतून सोळा अर्धी टोपणं निघतात, ती ओळीने मांडली की माल कुठून शिरला, कुठे रेंगाळला, कुठे दोन प्रवाह भेटले हे नकाशासारखं दिसतं. बिजागरीच्या पट्टीवर प्रवाह एकाच बाजूने, सरळ, आख्ख्या रुंदीने ओलांडायला हवा. दोन प्रवाह तिथे समोरासमोर भेटले तर सांधा पडतो आणि सांधा तिथेच तुटतो. पंधरा कॅव्हिटी चांगल्या होत्या. अकराव्या नंबरचं टोपण इतरांहून मागे राहत होतं, आणि झाकणात माल एका कडेने आधी घुसत होता.

मी वजनं मागितली. प्रत्येक कॅव्हिटीचा भाग वेगळा तोलला, तर अकरावा हलका. फरक तसा ग्रॅमच्या शंभराव्या हिश्श्यांत, पण आमच्या करारातल्या मर्यादेबाहेर. इंजिनिअर बाईने हॉट रनरच्या, म्हणजे माल वितळलेलाच ठेवून प्रत्येक कॅव्हिटीपर्यंत नेणाऱ्या वाटेच्या, त्या टोकाचं तापमान दोन-चार अंशांनी वाढवून बघायचं सुचवलं. असं सगळेच करतात. पडद्यावर आकडा बदलला की वजन जुळतं. मी नको म्हटलं, कारण आमच्याकडे रात्रपाळीला कुणीतरी सगळ्या टोकांचं तापमान सारखं करून ठेवणार आणि सकाळी अकरावी कॅव्हिटी परत लंगडणार. मस्यूंनी ते ऐकलं, अकरावं आणि बाकीची पंधरा टोपणं उचलली, आणि एकेक उघडून कानाशी नेऊन मिटू लागले. टक्. टक्. टक्. मधेच एखादं बाजूला काढत. शेवटी म्हणाले, की टोकाचं भोक तपासा. मोजलं तर खरंच अकराव्या टोकाचं भोक इतरांहून बारीक, मायक्रॉनच्या हिशेबात. ते सुटं टोक काढून दुपारच्या जेवणाआधी बाहेर गेलं आणि संध्याकाळच्या आत परत आलं. कुठे गेलं होतं विचारलं तर बाईने खिडकीतून समोरच्या उताराकडे बोट केलं. तिथे एक शेड, त्यात फक्त असलंच बारीक भोकांचं काम करणारा एक माणूस.

जेवण बारा वाजता. बारा म्हणजे बारा, मशिन चालू असेल तर पाळीवाला थांबतो, बाकी सगळे उठतात. कोंते चीज, निळ्या शिरांचं जेक्सचं चीज, गरम सूप. नांतुआची क्रेफिशच्या सॉसमधली केनेल नावाची माशाची मऊ वळकटी मला खूप आवडली. शाकाहाऱ्याने मात्र ब्रेड-चीज आणि बटाट्यावर राहायची तयारी ठेवावी, किंवा संध्याकाळी तुर्की हॉटेलात जावं, तिथे डाळीचं सूप मिळतं.

पॉलिप्रॉपिलीन निघाल्यावरही दिवसभर आकसत राहतं. गरम भाग मोजून काही कळत नाही; किमान चोवीस तास खोलीच्या तापमानाला ठेवून मग मोजायचे. म्हणजे मधला दिवस रिकामा. अशा दिवशी लोक लिऑंला नाहीतर जिनिव्हाला जातात. मी गावातच राहिलो आणि ते बरं झालं, कारण मस्यूंनी कानाने जे केलं त्याचं मूळ मला त्या दिवशी सापडलं.

हे गाव मुळात फण्यांचं. ज्युराच्या चुनखडीच्या उतारांवर बॉक्सवूडची झुडपं उगवतात. लाकूड पिवळसर, घट्ट, रेषा जवळजवळ न दिसणारी, त्यामुळे बारीक दात कापले तरी ते तुटत नाहीत. जमीन हलकी, हिवाळा लांब. शेतकरी बर्फाच्या महिन्यांत घरात बसून फण्या कापत. एकोणिसाव्या शतकात लाकडाच्या जागी शिंग आलं. शिंग तापवून मऊ करायचं, दाबून सपाट करायचं आणि त्यात दात पाडायचे. मग १८७०च्या सुमारास अमेरिकेत हायट बंधूंनी सेल्युलॉइड बाजारात आणलं, आणि काही वर्षांतच ओयोनाने ते उचललं. सेल्युलॉइड कासवाच्या पाठीसारखं दिसतं, हस्तिदंतासारखं दिसतं, हवं तसं वाकतं. ते बनतं नायट्रोसेल्युलोज आणि कापरापासून. आपण आरतीला जाळतो तोच कापूर. गावातल्या संग्रहालयातल्या बाईंनी एका जुन्या फणीचा तुकडा अंगठ्याने घासून माझ्या नाकाशी धरला, तर देवघरात उभा आहे असं वाटलं. माझ्या आजीच्या फणी-करंड्यातल्या फणीला वास होता तो खोबरेल तेलाचा, पण अंगठा दातांवरून फिरवला की होणारा तो आवाज तोच. फणी चांगली आहे का हे बघायला इथले कारागीर नख दातांवरून ओढत. एखादा दात जाड असेल तर सूर बदलतो. मस्यूंचे आजोबा फण्या कापायचे, हे मला दुसऱ्या दिवशी कळलं.

सेल्युलॉइडचा दोष म्हणजे ते भडकतं. कापताना उडणारा भुसा तर एका ठिणगीची वाट पाहत असतो. गावात आगी लागत, माणसं दगावत. ग्रांद व्हापर नावाची जी मोठी इमारत आहे ती १९०५ च्या सुमारास बांधली गेली, काँक्रीटची, तेव्हा ही गोष्ट नवीनच होती. नावात वाफ असली तरी आतली यंत्रं विजेवर चालायची. ओयोनात वीज १८८९ सालीच आली होती, फ्रान्समधल्या बऱ्याच मोठ्या शहरांच्या आधी. आत एका मोठ्या कारखान्याऐवजी लहान लहान खोल्यांची रांग. कारागीर खोली आणि तिच्याबरोबर यंत्र फिरवायची शक्ती भाड्याने घेई आणि स्वतःच्या जबाबदारीवर फण्या करी. छपरावर पाणी साठवायची सोय होती, आग लागली तर खाली सोडायला. मला ही इमारत बघताना भोसरीतल्या गाळ्यांची आठवण आली: एका गाळ्यात वायरकट, शेजारी पॉलिश, पलीकडे हार्डनिंग, आणि मोल्डचा तुकडा दिवसभर टेम्पोतून या दारातून त्या दारात. ओयोनाने ही पद्धत शंभर वर्षांपूर्वीच एका छपराखाली आणून बघितली होती. आज ती एका छपराखाली राहिली नाही, आख्ख्या दरीत पसरली आहे. आमचं अकरावं टोक त्याच पद्धतीने उतारावरच्या शेडमध्ये जाऊन आलं होतं.

मग १९२०च्या दशकात बायकांनी केस कापले. आखूड केसांना अंबाड्यात खोचायचा भला मोठा नक्षीदार कंगवा लागत नाही. गावाचा मुख्य माल पडून राहिला. तेव्हा त्यांनी चष्म्याच्या फ्रेम, खेळणी, बांगड्या, जे जमेल ते त्याच पत्र्यांतून कापायला सुरुवात केली. दुसऱ्या महायुद्धानंतर इंजेक्शन मशिनं आली आणि आधी दात कापणारे लोक दात ओतणारे साचे कोरायला लागले. लाकूड, शिंग, सेल्युलॉइड, आणि आता आमचं पॉलिप्रॉपिलीन. आमच्या टोपणाचा मोल्ड त्यांनी इतक्या सहजपणे का केला, याचं उत्तर मला या क्रमात दिसतं. बिजागरीची फट म्हणजे शेवटी एक फार बारीक दात. माझं मत असं झालं की मोल्ड बनवणं पुस्तकातून शिकता येतं, पण एका दरीतल्या लोकांना चार पिढ्या बारीक फटींकडे बघायची सवय लागलेली असेल तर त्यांच्याशी स्पर्धा किमतीवर करावी, दुसऱ्या कशावर करायला जाऊ नये.

त्याच दिवशी संध्याकाळी गावातल्या युद्धस्मारकापाशी थांबलो. ११ नोव्हेंबर १९४३ रोजी, जर्मन ताबा असताना, आसपासच्या जंगलात लपलेले दोनशेच्या आसपास बंडखोर, ज्यांना माकी म्हणत, आंरी रोमां-पती यांच्या नेतृत्वाखाली दिवसाढवळ्या, गणवेशात, शिस्तीत, या गावातून संचलन करून गेले. पहिल्या महायुद्धाच्या शहिदांना त्यांनी पुष्पचक्र वाहिलं आणि त्यावर लिहिलं होतं: ‘उद्याच्या विजेत्यांकडून १४-१८च्या विजेत्यांना.’ आणि परत जंगलात गेले. याची किंमत या मुलखाने मोजली. महिनाभरात नांतुआत जर्मनांनी धरपकड केली आणि दीडशेच्या आसपास पुरुषांना पकडून नेलं. इंजिनिअर बाईने मला सांगितलं की गावात अजून दर ११ नोव्हेंबरला लोक जमतात. मला वाटलं, आपण इथे फक्त प्लास्टिक बघायला आलो, पण झाडीकडे बघायची माझी नजर त्यानंतर थोडी बदलली. ती झाडी तेव्हा लपायला पुरेशी दाट होती.

आता तितकी नीट नाही. उन्हाळे कोरडे गेले की स्प्रूसच्या सालीखाली एक भुंगेरा शिरतो आणि झाड उभ्या उभ्या तपकिरी पडतं. डोंगरावर असे पट्टे दिसतात. आणि ज्या बॉक्सवूडवर हे गाव उभं राहिलं त्याला आशियातून आलेल्या एका पतंगाच्या अळीने गाठलं आहे. २००७ च्या सुमारास तो युरोपात दिसला, रोपांच्या व्यापारातून आला असं मानतात, आणि या भागातल्या झुडपांची त्याने पानंच्या पानं फस्त केली. कारखान्यामागच्या पायवाटेने थोडं वर गेलं की राखाडी काटक्यांची झुडपं लागतात. ती बॉक्सवूडची.

टोपणं थंड होऊन मोजली गेली. सोळाही मापात. आता खरी गंमत, म्हणजे काकांच्या पाण्याची.

मोल्ड थंड करायला आत पाणी खेळवतात. ओयोनात ते १० अंशांचं होतं, आणि करारात लिहिलेला सायकल टाइम, म्हणजे एका खेपेला लागणारा वेळ, त्या पाण्यावरचा. बाहेर कोरडी थंडी, मोल्ड खणखणीत चालत होता. पण चाकणला जुलैत हवेत इतकी वाफ असते की २० अंशांखालच्या लोखंडाला घाम फुटतो. थेंब कॅव्हिटीत बसतात, टोपणावर डाग येतात, कोअरला गंज चढतो, आणि कोअर म्हणजे आरसा केलेलं पोलाद. त्यामुळे पावसाळ्यात आम्हाला पाणी २४-२५ अंशांवर ठेवावंच लागतं. मी म्हटलं, ट्रायल तशी घ्या. बाई म्हणाली, करारात ते नाही. करारात नव्हतंच, खरं होतं. पण मोल्ड तिथे चालायचाच नाही, तो आमच्याकडे चालणार आहे, हे मी तीनदा वेगवेगळ्या शब्दांत सांगितलं. मस्यूंनी तोपर्यंत तापमान बदलायला सांगूनही टाकलं होतं. त्यांना भांडणापेक्षा बघण्यात रस होता.

गरम पाण्यावर टोपण जरा मऊ निघू लागलं. झाकण मिटवणारा हात त्याला दाबताना कडेला खूण पाडत होता. थंड व्हायचा वेळ वाढवला तर खूण गेली, पण सायकल सेकंदाहून जास्त लांबली. दिवसाला किती टोपणं कमी पडणार याचा हिशेब मी कागदावर करून दाखवला. आमच्या मालकांना दाखवायला तो लागणारच होता. मस्यू कोअरचं ड्रॉइंग घेऊन बसले. उष्णता अडकत होती कोअरच्या टोकाला, गेटच्या, म्हणजे माल आत शिरतो त्या भोकाच्या, समोर, जिथे पाणी पोहोचत नव्हतं. त्यांनी पेन्सिलने तिथे एक छोटी चौकट काढली: तिथे पोलादाऐवजी तांब्याच्या मिश्रधातूचं टोक बसवायचं, ते उष्णता पोलादाच्या कितीतरी पट वेगाने ओढून पाण्यापर्यंत नेतं. पण ते मऊ, म्हणून त्यावर कडक लेप हवा. त्यासाठी एकाने कापलं, दुसऱ्याने बसवलं, तिसऱ्याने लेप दिला, चौथ्याने पॉलिश केलं, आणि चारही जण गाडीने फार तर वीस मिनिटांच्या अंतरात. सोळाही कोअरना असं टोक बसवायला माझं परतीचं तिकीट पुढे ढकलावं लागलं. पैसे कोणी भरायचे यावर दोन्ही मालकांचं फोनवर झालं, निम्मे-निम्मे ठरले. मला यात काही बोलावं लागलं नाही, हे माझ्या दृष्टीने यातलं सर्वांत सुखाचं.

ते टोक येईपर्यंतच्या शनिवारी मला रग्बीला नेलं. शार्ल मातों मैदान, लाल-काळे कपडे, थंडीत उभं राहून ओरडणारं गाव. २०१३ साली हा संघ फ्रान्सच्या वरच्या गटात गेला होता, पॅरिस आणि तुलूझच्या संघांसमोर. एवढ्या लहान गावाचा संघ तिथे गेल्याचं कौतुक तिथल्या प्रत्येकाने मला स्वतंत्रपणे ऐकवलं. खेळातलं मला फारसं कळलं नाही. मशिनवाला, उतारावरचा भोकवाला आणि गावात आलेले दोन सप्लायर हे सगळे तिथे एका रांगेत होते, आणि मध्यंतरात त्यांच्यात लेप कधी होईल याची बोलणी झाली. सोमवारी काम झालेलं होतं.

नव्या कोअरवर, २५ अंशांच्या पाण्यावर, आमच्या मालावर आख्खी पाळी मोल्ड न थांबवता चालवला. दर तासाला सोळाही टोपणं बाजूला काढून वजन, उंची, आणि बिजागरी दुमडून बघायची. दुमडल्यावर पट्टी पांढरी पडते का हेही पाहायचं असतं. पांढरी पडली म्हणजे आत बारीक चिरा पडू लागल्या. नाही पडली. सायकल करारातल्या आकड्याहून किंचित जास्त राहिली. मी तसा आकडा कागदावर लिहून सही केली, आणि खाली एक ओळ टाकली की पाणी २५ अंश असताना. मस्यूंनी त्या ओळीखाली वेगळी सही केली, जणू त्यांना तीच जास्त महत्त्वाची.

पॅकिंगला मी मुद्दाम थांबलो. मोल्डला आतून बाहेरून गंजरोधक फवारा, पाण्याच्या वाटा हवेने कोरड्या केलेल्या, मोल्ड गंज न लागणाऱ्या कागदात, त्यावर प्लास्टिक, आणि स्प्रूसच्या फळ्यांची पेटी. पेटीच्या फळ्यांवर गव्हाच्या लोंबीचं चिन्ह असलेला शिक्का असतो, आणि तो नसेल तर न्हावाशेवाला पेटी अडते. नियम असा की लाकूड गाभ्यापर्यंत ५६ अंशांवर किमान ३० मिनिटं तापवलेलं असावं, म्हणजे त्यातले किडे एका देशाच्या जंगलातून दुसऱ्याच्या जंगलात जात नाहीत. डोंगरावरच्या त्या तपकिरी पट्ट्यांनंतर मी प्रत्येक फळीवरचा शिक्का बघितला. पेटी बनवणाऱ्याला वाटलं असावं की हा फार काटेकोर गिऱ्हाईक आहे.

मोल्ड चाकणला आला तेव्हा उन्हाळा संपत होता. काकांनी पेटी उघडली, कोअरच्या टोकावर बोट फिरवलं आणि विचारलं, “हे तांब्याचं कुणाचं डोकं?” मी सांगितलं. ते म्हणाले, “त्यांना सांग, पुढच्या मोल्डला आधीच बसवा.” जुलैत पाऊस पडत असताना, पाणी २५ वर ठेवून, मोल्ड चालू आहे, अकरावी कॅव्हिटी इतर पंधरांबरोबर आहे. सायकल अजून त्या किंचित जादा आकड्यावरच अडली आहे, आणि अकाउंट्सवाले दर महिन्याच्या बैठकीत ती का कमी होत नाही हे मला विचारतात. मी त्यांना सही केलेला कागद दाखवतो.